४ एमबीत मावलेली आत्या

इंदूरच्या आपल्या घरांमधून जुने फोटो जपणारे पुष्कळ आहेत, जुने आवाज जपणारे फार थोडे. म्हणून हे जरा सविस्तर लिहितोय.

२००८-०९च्या सुमारास आपल्याकडच्या साध्या नोकिया फोनांवरही रेकॉर्डिंग होऊ लागलं होतं. माझ्या आत्याची तेव्हाची ४० मिनिटांची फाइल माझ्याकडे आहे. आतोबा हुकुमचंद मिलमध्ये होते. ती मिल १९९१ साली बंद पडली. अनंत चतुर्दशीला मिलांच्या झाँक्या निघायच्या, त्याचं वर्णन आत्या तिच्या खास इंदुरी मराठीत करते: “झाँकी येऊन राहिली होती न, तर सगळी पोरं ओट्यावर चढली.” असं बोलणारी पिढी आता संपत आली.

परवा भाचीला ती ऐकवायला गेलो, तर तिच्या लॅपटॉपवर उघडेचना. फाइल एएमआर होती. हे तंत्र १९९९ साली मोबाइल कॉलसाठी ठरलं. बोलणं कमीत कमी जागेत पलीकडे पोचावं, एवढाच त्याचा हेतू. सेकंदाला ८००० वेळा आवाज मोजायचा आणि साधारण ३४०० हर्ट्‌झच्या वरचं सोडून द्यायचं. म्हणून तर ४० मिनिटं जेमतेम ४ एमबीत बसली! पण त्यापायी ‘स’ आणि ‘श’ जवळजवळ सारखे झाले, ‘चार’मधला आणि ‘चारा’मधला च ओळखायला कान द्यावा लागतो. गल्लीतून जाणारा बँड तर पार गढूळ. गेलं ते गेलं. एमपी-थ्री केल्याने परत येत नाही. बिटरेट वाढवला तर फाइल तेवढी फुगते.

मग बदलायची कशाला? तर सगळ्यांकडे वाजावी म्हणून. एमपी-थ्री कुठेही वाजतं, आणि २०१७पासून पेटंटचीही भानगड उरलेली नाही. एफएफएमपेग हे फुकट मिळणारं सॉफ्टवेअर हे काम घरच्या कॉम्प्युटरवर मिनिटभरात करतं. घरातल्या गोष्टी कुठल्यातरी अनोळखी वेबसाइटवर चढवणं मला काही पटत नाही. नातेवाइकांना एमपी-थ्री पाठवली, कपाटातल्या हार्ड डिस्कवर एक वेव्ह प्रत ठेवली (ती सुमारे ३८ एमबी झाली) आणि मूळ एएमआर तशीच राहू दिली.

ती राहू दिली हे बरं झालं. भाचीने हौसेने खरखर काढून एक स्वच्छ प्रत बनवली. ऐकायला खरंच छान. पण २७व्या मिनिटाला आत्या झाँक्यांची नावं घेत असताना मागून कुणीतरी हळूच म्हणतं, “कल्याण नाही गं, राजकुमार मिल.” स्वच्छ प्रतीत तिथे नुसती शांतता आहे.

ते आतोबा. त्यांच्या आवाजातलं आमच्याकडे एवढंच आहे.