गिंझाची बाटली आणि कलखापरी

तोक्योतल्या तोयोसुला युराकुचो मार्गिकेची गाडी पकडली की त्सुकिशिमा, शिंतोमिचो आणि मग गिंझा-इच्चोमे. जपानमधल्या डोळ्यांच्या औषधाचा निम्मा इतिहास या तीन थांब्यांच्या आसपास घडला आहे. त्याचं एक मूळ आपल्या वैद्यांच्या खलात आहे, असं माझं ठाम मत झालं आहे.

निमित्त घरचंच. सासूबाईंचा मोतीबिंदू इथेच काढायचं ठरलं आणि रुग्णालयाने सूचनांचा कागद हातात ठेवला. तीन दिवस आधीपासून प्रतिजैविकाचे थेंब दिवसातून चार वेळा घालायचे. आदल्या रात्री डोक्यावरून आंघोळ करायची, कारण नंतर काही दिवस तोंडाला नि केसांना पाणी लावता येत नाही. पापण्यांना काही लावायचं नाही, डोळे चोळायचे नाहीत, घरात पडून असलेले जुने थेंब वापरायचे नाहीत. या शेवटच्या सूचनेमुळे कपाटातली दुकानी बाटली बाहेर निघाली. तिच्या खोक्यावर घटकांच्या यादीत 'र्यूसान आएन' होतं, म्हणजे जस्ताचं सल्फेट. मी ते वाचून दाखवल्यावर सासूबाई लगेच म्हणाल्या, "जस्त होय? मग आमच्या आजीची कलखापरीच की गं ही." त्यांच्या आजीकडे वैद्याने दिलेली, उगाळून डोळ्यांत घालायची पूड असे. त्या एका वाक्यामागे मी लागले ती आजतागायत.

आधी बाटलीचं. योकोहामा परिसरात १८५९ साली जेम्स कर्टिस हेपबर्न नावाचा अमेरिकन मिशनरी डॉक्टर येऊन राहिला. त्याच्याकडे १८६४च्या सुमारास किशिदा गिन्को हा तिशीतला माणूस डोळे दुखतात म्हणून गेला. डोळे बरे झाले आणि गिन्को तिथेच रमला. हेपबर्न तेव्हा जपानी-इंग्रजी शब्दकोश रचत होता. गिन्को त्याचा मदतनीस झाला आणि छपाईसाठी त्याच्याबरोबर शांघायलाही गेला. कोश १८६७ साली निघाला. मदतीची परतफेड म्हणून हेपबर्नने त्याला डोळ्यांच्या औषधाची कृती शिकवली. पाण्यात विरघळवलेलं जस्ताचं सल्फेट गिन्कोने काचेच्या छोट्या बाटलीत भरलं, त्याला 'सेइकिसुइ' नाव दिलं, आणि पुढे गिंझात राकुझेनदो हे दुकान थाटून खपवलं. तो पत्रकारही होता. १८७४च्या तैवान मोहिमेचं वार्तांकन करणारा हा गडी जपानचा पहिला युद्धवार्ताहर मानला जातो. वर्तमानपत्रांतल्या जाहिरातींची ताकद त्याने ओळखली आणि सेइकिसुइ गावोगावी पोचलं.

या बाटलीचं महत्त्व मला तिच्यातल्या द्रव्याइतकंच तिच्या रूपात वाटतं. त्याआधी जपानात डोळ्यांचं औषध बहुधा घट्ट मलमासारखं, शिंपल्यात भरून मिळे आणि पाण्यात कालवून वापरावं लागे. मोतीबिंदू डोळ्यातच खाली बसवण्याचं काम तर गुरुपरंपरेचं. ओवारी प्रांतातला म्योगेन-इन मठ त्यासाठी प्रसिद्ध होता. विद्या इतकी जपून ठेवलेली, की शोगुनचा नेत्रवैद्य हाबु गेन्सेकी याने बाहुली मोठी करणाऱ्या औषधाचं गुपित मिळवण्यासाठी जर्मन डॉक्टर सीबोल्टला तोकुगावा घराण्याचं राजचिन्ह असलेला अंगरखा देऊन टाकला. ते प्रकरण १८२८ नंतर उघडकीला आलं आणि गेन्सेकीला जबर शिक्षा झाली. त्याची समाधी त्सुकिजी होंगानजीच्या आवारात आहे. तोयोसुत राहणाऱ्या मराठी माणसांना मी तिथे आवर्जून जायला सांगते. इतो चुताने रचलेल्या आणि १९३४ साली पुऱ्या झालेल्या त्या मंदिराचा दर्शनी भाग पाहिला की कार्ले-अजिंठ्याची चैत्यगवाक्षं ओळखू येतात.

अशा जगात गिन्कोची बाटली आली आणि डोळा रोज आपल्या हाताने, आपल्या घरी, ठरल्या वेळी राखायचा ही गोष्ट कारकुनाच्या आणि शिंपिणीच्या आवाक्यात आली. सासूबाईंच्या कागदावरची 'दिवसातून चार वेळा' ही ओळ मला तिच्याच वंशातली वाटते.

आता जस्त. हेपबर्नने ते अमेरिकेहून, म्हणजे युरोपीय वैद्यकातून आणलं, यात वाद नाही. पण युरोपला ते कुठून मिळालं? तिथल्या जुन्या औषधांत डोळ्यांसाठी 'तुतिया' हा जस्ताचा क्षार शतकानुशतकं वापरात होता आणि हे नाव अरबांकडून आलं. अरबीत ते कुठून आलं, यावर पंडितांची दोन तोंडं दोन दिशांना आहेत. एक पक्ष सांगतो, फारसी 'दूद' म्हणजे धूर, त्यातून. दुसरा सांगतो, संस्कृत 'तुत्थ'. मी दुसऱ्या पक्षाची.

धुराच्या बाजूचा पुरावा कमी लेखण्यासारखा नाही. मार्को पोलोने इराणात कोबिनान गावी तुतिया होताना पाहिलं: खनिज भट्टीत घालतात, वर लोखंडी जाळी धरतात, धूर जाळीला चिकटून बसतो तो तुतिया, आणि तो डोळ्यांना उत्तम. जी वस्तू धुरातून जमते तिला धुराचं नाव पडणं अगदी सरळ आहे. पण 'दूद' हा शब्द फारसीत आजही जसाच्या तसा धुरासाठी नांदतो आहे. त्याच भाषेत त्याचे दोन्ही 'द' कठोर होऊन 'त' का व्हावेत आणि मागे 'इया' कुठून चिकटावं, याचं उत्तर ओढूनताणून द्यावं लागतं. 'तुत्थ' मात्र सुश्रुताच्या काळापासून औषधांत, तेही नेत्ररोगांत, हजर आहे.

यावर जाणकार हमखास अडवतात: तुत्थ म्हणजे मोरचूद, तांब्याचा निळा क्षार. तुतिया तर जस्ताचा. नाव सारखं असलं तरी वस्तू निराळी. (मोरचुदातला 'चूद' हाही मयूरतुत्थातला तुत्थच, असं मी धरते.) हा आक्षेप माझ्या मताची खरी कसोटी आहे, म्हणून त्याला सविस्तर उत्तर देते. भावप्रकाशात 'खर्परीतुत्थक' असा वेगळा पदार्थ दिला आहे आणि तो तुत्थाहून निराळा, त्यालाच रसक म्हणतात, असं स्पष्ट बजावलं आहे. रसक किंवा खर्पर म्हणजे जस्ताचं खनिज, आपली कलखापरी. म्हणजे तुत्थ हे एका कुटुंबाचं आडनाव होतं. निळं भावंड तांब्याचं, मळकट भावंड जस्ताचं. कुणी म्हणेल, भावप्रकाश सोळाव्या शतकातला, तोवर अरबी शब्दच उलटा फिरून आपल्याकडे आला असेल. पण त्याच्या कितीतरी आधीच्या अमरकोशात तुत्थांजनाच्या ओळीला लागूनच 'कर्परी' येते. टीकाकार तिच्या अर्थावरून भांडले आहेत, तरी ती तुत्थाच्या आणि रसांजनाच्या शेजारी, अंजनांच्या रांगेत बसवलेली आहे, एवढं मला पुरेसं आहे.

अरबांकडचाही साक्षीदार आहे. तेराव्या शतकातल्या इब्न अल-बैतारच्या औषधकोशात तुतियाचे पांढरा, हिरवा, पिवळा असे प्रकार येतात आणि खाणींची जागा हिंद-सिंधच्या समुद्रकिनाऱ्याकडे दाखवली आहे. एका नावाखाली अनेक रंग, हीच तर तुत्थाची रीत.

उत्पादनाच्या बाजूनेही पारडं आपल्याकडे झुकतं. राजस्थानातल्या जावरच्या खाणी दोन हजार वर्षांहून जुन्या आहेत आणि तिथे मातीच्या मुशींत जस्ताची वाफ खाली उतरवून धातू गाळण्याची विद्या युरोपच्या कित्येक शतकं आधी मोठ्या प्रमाणावर चालत होती. ही कृती 'रसरत्नसमुच्चय' या ग्रंथात आहे. पुण्याच्या आनंदाश्रमाने तो छापल्यामुळे मराठी वैद्यांच्या हाताशी आला. रसक नेत्ररोग घालवतो, हेही त्यात सांगितलं आहे.

तिसरा दावा ग्रीकांचा, आणि तो सर्वांत तगडा. इटलीच्या तस्कनी किनाऱ्याजवळ इसवी सनापूर्वी दुसऱ्या शतकात बुडालेल्या एका जहाजात कथलाच्या डबीत औषधाच्या सहा चपट्या वड्या सापडल्या. २०१३ साली त्यांचं पृथक्करण प्रसिद्ध झालं: मुख्य भाग जस्ताच्या क्षारांचा, आणि उपयोग बहुधा डोळ्यांसाठी. ग्रीक वैद्य डायोस्कोरिडीसलाही जस्ताची राख डोळ्यांसाठी ठाऊक होती. तेव्हा जस्त डोळ्यांत घालण्याची कल्पना फक्त आपली, असं मी म्हणत नाही. ग्रीकांची नावं मात्र काद्मेइया, पोम्फोलिक्स अशी होती. मध्ययुगात ती मागे पडली आणि कोर्दोबापासून कोबिनानपर्यंत सगळे 'तुतिया' म्हणू लागले. स्वतःचं नाव असताना दुसऱ्याचं नाव माणूस घेतो तेव्हा त्या नावाबरोबर मालही येत असतो. तो माल आपल्या बंदरांतून जात होता, असा माझा कयास आहे.

पुढचा दुवा सोपा. सोळाव्या शतकात जर्मनीत गॉस्लारच्या खाणींतून पांढरं व्हिट्रिओल, म्हणजे जस्ताचं सल्फेट, मिळू लागलं. तुतिया पाण्यात विरघळत नाही, हे विरघळतं. डोळ्यांच्या वैद्यांनी पूड सोडून पाणी धरलं असणार, हे उघडच आहे. तेच पाणी हेपबर्नच्या पेटीतून गिंझात पोचलं.

जस्ताने काय साधतं हे एकोणिसाव्या शतकाच्या अखेरीस कळलं. १८९६-९७मध्ये मोराक्स आणि आक्सेनफेल्ड यांनी पापण्यांचे कोपरे लाल करणारा एक जंतू शोधला आणि नेमका त्याच्यावर जस्ताचा उतारा लागू पडत होता. आजीची कलखापरी कोपऱ्यातलं चिपड का घालवी, त्याचं एक कारण इथे सापडतं. वाग्भटाने दिनचर्येत रोज सौवीरांजन आणि आठवड्यातून एकदा, डोळ्यातलं पाणी वाहून जावं म्हणून, रसांजन सांगितलं आहे. घरच्या घरी डोळा निचरून घेण्याची ती पद्धत याच जातीची.

मोतीबिंदूसाठी हे कोपरे नि पापण्याच कळीच्या ठरल्या. शस्त्रक्रियेनंतर डोळा आतून नासतो तेव्हा दोष हत्यारांना दिला जाई. १९९१ साली न्यूयॉर्कमधल्या अभ्यासात अशा १७ रुग्णांचे जंतू तपासले. १४ जणांत ते रुग्णाच्याच पापण्या, नेत्रावरण किंवा नाकातल्या जंतूंशी जुळले. त्याच वर्षी पोव्हिडोन आयोडीनचे थेंब टाकल्याने हा धोका घटतो हेही दिसलं. आयोडीन शस्त्रक्रियागृहात टाकतात, ते काम घरचं नाही. घरचं काम म्हणजे त्या पापण्या स्वच्छ घेऊन तिथवर जाणं.

म्हणून इथे आपल्या घरांतल्या ज्येष्ठांना कळकळीने सांगावंसं वाटतं: शस्त्रक्रिया ठरली की काजळ, सुरमा, मध, गुलाबपाणी, त्रिफळ्याचा काढा, सगळं बंद. इथल्या दुकानात मिळणारं डोळे धुण्याचं पेलाभर पाणीही डॉक्टरांनी सांगितल्याखेरीज नको. पेल्यात पापणीवरचा मळच डोळ्यात फिरतो. हात साबणाने धुवावेत, खालची पापणी ओढावी, एकच थेंब घालावा. बाटलीचं टोक पापणीला टेकता कामा नये. मग डोळा मिटून नाकाकडचा कोपरा मिनिटभर दाबून धरावा. दुसरं औषध असेल तर पाच मिनिटांनी. पापण्यांच्या मुळाशी खवले किंवा चिपड दिसलं तर ते आधीच डॉक्टरांना दाखवावं. तारीख पुढे गेली तरी चालेल.

सासूबाईंच्या थेंबांत जस्त नव्हतं, लेव्होफ्लोक्सासिन हे प्रतिजैविक होतं. ते तोक्योच्या दाइइची कंपनीने शोधलं, १९९३ साली जपानात बाजारात आणलं, आणि आज तेच भारतातल्या औषध कंपन्या बनवतात. नागपूरच्या औषध दुकानात चिठ्ठीवर मिळणाऱ्या लेव्होफ्लोक्सासिनच्या बाटलीचं मूळ तोक्योत आहे.