झाडीपट्टीचे नाटक : हसू झाडीबोलीत, आसू प्रमाण मराठीत

महाराष्ट्राच्या पूर्व टोकाला वैनगंगेच्या दोन्ही तीरांवर धानाच्या बांध्यांचा आणि जंगलाचा जो प्रदेश पसरला आहे, त्यास झाडीपट्टी असे नाव आहे. भंडारा व गोंदिया हे जिल्हे, चंद्रपूर जिल्ह्यातील ब्रह्मपुरी, नागभीड, सिंदेवाही, मूल, सावली हे तालुके आणि गडचिरोलीतील देसाईगंज, आरमोरी, कुरखेडा हा उत्तर भाग मिळून ही पट्टी होते. चंद्रपूरचा वरोरा-भद्रावतीकडील कोळशाचा आणि कापसाचा मुलूख तिच्यात येत नाही. दक्षिणेकडे अहेरी-सिरोंचाच्या बाजूला, जिथे माडिया आणि तेलुगू कानी पडू लागते, तिथेही तिचा जोर ओसरतो. या पट्टीत धान कापून घरी आले, की दिवाळीपासून होळीच्या आसपासपर्यंत रात्रभर चालणारी संगीत नाटके होतात. कौटुंबिक दुःख, खलनायकाचे कारस्थान, पोट धरून हसविणारी विनोदी जोडी, लावणी आणि शेवटी होणारा न्याय, असा त्यांचा सर्वसाधारण घाट आहे. दूरचित्रवाणीच्या भाषेत सांगायचे तर हा विनोदमिश्रित कौटुंबिक मालिकेचाच प्रकार होय. फरक एवढाच की, मालिका वर्षानुवर्षे घेते ते हे नाटक एका रात्रीत उरकते.

ही तुलना वरवरची नाही. लॅटिन अमेरिकेत ज्याला टेलिनोव्हेला म्हणतात, त्या मालिकेचे मुख्य लक्षण म्हणजे तिला शेवट असतो. भारतीय दूरचित्रवाणीवरील मालिकांचा उगमही तिथलाच. मेक्सिकोत लोकशिक्षणासाठी रचलेल्या मालिकांचे यश पाहून 1984 मध्ये दूरदर्शनने ‘हम लोग’ आणली. मनोहर श्याम जोशी यांच्या लेखणीतून उतरलेल्या त्या मालिकेत भागाच्या शेवटी अशोककुमार येऊन प्रेक्षकांशी चार शब्द बोलत. पुढे कोलंबियाच्या फर्नांडो गायतान यांनी 1999 मध्ये लिहिलेल्या ‘बेट्टी’च्या कथेवरून 2003 साली सोनी वाहिनीवर ‘जस्सी जैसी कोई नहीं’ आली, आणि त्याच कथेची अमेरिकी आवृत्ती ‘अग्ली बेट्टी’ 2006 पासून दाखविली गेली. हास्य आणि अश्रू एकाच ताटात वाढण्याची ही रीत मराठी माणसाला मात्र नवी नव्हती. ‘एकच प्याला’ 1919 मध्ये रंगभूमीवर आले, तेव्हाच सिंधूच्या हालांशेजारी तळीरामाचे मद्यपी मंडळ होते. ‘चार दिवस सासूचे’ 2001 ते 2013 अशी अकरा वर्षांहून अधिक काळ चालून तीन हजारांहून अधिक भागांचा टप्पा ओलांडून गेली; टेलिनोव्हेलाचा शेवट असण्याचा नियम आपल्या वाहिन्यांनी पाळला नाही. तो पाळला झाडीपट्टीने, आणि तोही नाइलाजाने, कारण पहाटे प्रेक्षकाला शेतावर जायचे असते.

मालिकेच्या एखाद्या भागाचे परीक्षण लिहिणाऱ्याला चौकट तयार मिळते. भाग वीस-बावीस मिनिटांचा. काल काय झाले हे वाचकाला ठाऊक. आज कथा पुढे सरकली की नुसती ताणली, एवढे सांगितले तरी भागते. झाडीपट्टीच्या प्रयोगाला ही मोजपट्टी लावून चालत नाही. नाटक रात्री दहाच्या पुढे सुरू होते आणि उजाडायला आले तरी चाललेले असते. एवढा वेळ माणसे थंडीत, मोकळ्या मैदानातल्या शामियान्यात बसतात, तेव्हा सगळा काळ कथेनेच भरावा अशी अपेक्षा कोणी ठेवत नाही. पहिला प्रहर ओळखीपाळखीचा. कुटुंब दाखवायचे, खलनायकाने पहिली चाल करायची, नायक-नायिकेचे गाणे व्हायचे. मध्यरात्रीनंतर डोळे जड होऊ लागले की विनोदी जोडी आणि लावणी यांनी मैदान ताब्यात घ्यायचे. नायिकेवरचा सर्वांत मोठा आघात त्यानंतर, रात्रीच्या शेवटच्या भागात. मुंबई-पुण्याच्या दोन-अडीच तासांच्या नाटकाला सरावलेल्या समीक्षकाला यातला मधला भाग ‘पाल्हाळ’ वाटतो. वस्तुतः तो भाग झोपेशी दिलेली लढाई असतो, आणि ती लढाई कशी दिली यावर प्रयोगाची किंमत ठरते.

या विनोदाचे मूळ दंडारीत आहे. दंडार हा झाडीपट्टीचा जुना लोकनाट्यप्रकार. त्यात स्त्रीपात्रे पुरुषच करीत, आणि गाण्यांच्या मध्ये सोंगे येऊन गावातल्या मोठ्यांची टिंगल करून जात. खडीगंमत हे त्याचेच भावंड. पुढे बंदिस्त संहितेचे नाटक आले, नांदी आली, पडदे आले, नागपूरकडून स्त्री-कलावंत येऊ लागल्या. पण सोंगाड्याचा अंश विनोदी पात्रात टिकून राहिला. म्हणून या पात्राला संहितेबाहेर जाण्याची मुभा असते. गावाचे नाव, सरपंचाची गाडी, यंदाच्या धानाचा भाव, रानडुकरांनी केलेली नासाडी हे सारे तो त्या त्या गावानुसार संवादात घालतो. चांगल्या प्रयोगात हा विनोद मुख्य कथेत गुंफलेला असतो. नोकर किंवा गावगुंडाचा हस्तक म्हणून आलेला तो माणूसच शेवटी कारस्थान उघडे पाडतो. सामान्य प्रयोगात तो नुसता येतो, द्व्यर्थी बोलतो आणि जातो. झाडीपट्टीवर अश्लीलतेचा आरोप होतो तो या दुसऱ्या प्रकारावरून. आरोप निराधार नाही, पण सरसकट केला की अन्यायाचा होतो.

आता मुख्य मुद्दा, जो आजवर पुरेसा बोलला गेलेला नाही. या नाटकांत बहुधा विनोदी पात्रच तेवढे झाडीबोली बोलते. ‘ण’चा ‘न’ आणि ‘ळ’चा ‘र’ करणारी, ‘पाणी’ला ‘पानी’ व ‘डोळा’ला ‘डोरा’ म्हणणारी ही बोली समोर बसलेल्या बहुतेकांच्या घरची भाषा आहे. परंतु नायक, नायिका, तिची सोशिक आई, निवृत्त शिक्षक असलेला बाप ही मंडळी छापील मराठीत बोलतात. नायिका रडते ती ‘ण’ आणि ‘ळ’ नीट उच्चारून. तिचे दुःख पाहून मागच्या रांगेतल्या बायका पदर डोळ्यांना लावतात, पण स्वतःचे दुःख त्या ज्या शब्दांत सांगतात ते शब्द रंगमंचावर आले की हशा पिकतो. हसू घरच्या बोलीत आणि आसू पाहुण्या भाषेत, अशी ही विभागणी आहे. झाडीपट्टीच्या कोणत्याही प्रयोगाचे परीक्षण करताना पहिला प्रश्न विचारायचा तो हाच : इथे झाडीबोलीत कोणाला रडू दिले आहे काय?

हा प्रश्न दूरचित्रवाणीने वेगळ्या रीतीने हाताळला, हे मान्य करावे लागेल. ऑगस्ट 2016 ते मार्च 2021 या काळात झी मराठीवर चाललेल्या ‘माझ्या नवऱ्याची बायको’ या मालिकेची नायिका राधिका ही नागपूरकडची. नवरा गुरुनाथ तिला गावंढळ ठरवून शनायाच्या मागे लागतो, आणि राधिका मसाल्यांचा व्यवसाय उभारून स्वतःच्या पायांवर उभी राहते. अनिता दाते या नाशिकच्या अभिनेत्रीने ती बोली आत्मसात केली होती. तिच्या हेलाबद्दल, ‘जी’ आणि ‘बाप्पा’च्या पेरणीबद्दल विदर्भात नाके मुरडली गेली, आणि काही अंशी ती योग्यच होती. कारण राधिकेची बोली ना धड वऱ्हाडी, ना नागपुरी. आणि झाडीबोली तर ती नव्हेच. तरीही एक गोष्ट त्या मालिकेने केली. पूर्वेकडच्या मराठीला तिने नोकराच्या तोंडून काढून घरच्या सुनेच्या तोंडी दिले. नवऱ्याला त्या बोलीची लाज वाटते, आणि प्रेक्षकाला नवऱ्याची, अशी तिची रचना होती. मालिका पुढे पसरट झाली, योगायोगांवर तगली. परंतु ‘ही अशी बोलते म्हणून हिचे दुःख हलके नाही’ हे तिने रोज रात्री घराघरांत सांगितले. जी गोष्ट मुंबईच्या वाहिनीला अर्धीमुर्धी का होईना जमली, ती ज्या मातीत बोली जिवंत आहे तिथल्या रंगभूमीला अवघड का जावी?

याची कारणे कलावंतांच्या कमी-अधिक अभिमानात शोधणे बरोबर नाही. ती व्यवहारात आहेत. नायिकेची भूमिका करणारी कलावंत पुष्कळदा नागपूरची किंवा त्याहून दूरची असते. हंगामात रोज नवे गाव. तालमींना वेळ थोडा. संवादांचा भार पडद्याआड बसलेल्या प्रॉम्प्टरवर. अशा वेळी सर्वांना ठाऊक असलेली छापील भाषाच सोयीची पडते. शिवाय प्रेक्षकालाही ‘नाटक’ म्हणजे रोजच्याहून काही उंच, भरजरी असे पाहायचे असते. वर्षातून एकदा मंडईला पाहुणे आले, नवे कपडे घातले, आणि रंगमंचावर पुन्हा घरचेच बोलणे? ही भावना समजण्यासारखी आहे. मात्र तिच्या मागे शाळेने शिकविलेली लाजही आहे. झाडीबोलीचे अभ्यासक डॉ. हरिश्चंद्र बोरकर यांनी ही स्वतंत्र लक्षणे असलेली बोली आहे, अशुद्ध मराठी नव्हे, हे सांगण्यात आयुष्य वेचले आणि तिची साहित्य संमेलने भरविली. कवितेने त्यांचे ऐकले. नाटकाच्या नायिकेपर्यंत ते अजून पुरते पोहोचलेले नाही.

विषयांच्या बाबतीत मात्र ही रंगभूमी मागासलेली आहे असे म्हणता येणार नाही. सिंदेवाही तालुक्यातील नवरगावचे नाटककार सदानंद बोरकर यांनी ‘आत्महत्या’ या नाटकातून शेतकऱ्यांच्या मरणाचा प्रश्न मांडला. त्यांचे ‘माझं कुंकू मीच पुसलं’ हेही पट्टीत गाजले. दारू हा विषय तर इथे पोथीतला नाही. गडचिरोलीत 1993 पासून दारूबंदी आहे. चंद्रपुरात ती 2015 मध्ये आली आणि 2021 मध्ये उठली. ज्या गावच्या बायकांनी बंदीसाठी मोर्चे काढले, त्याच बायका मद्यपी नवऱ्याचे नाटक पाहायला येतात. त्यांना संदेश ऐकवावा लागत नाही; खोटा प्रसंग असला तर त्याच आधी ओळखतात.

परीक्षण कोण करतो, याचेही उत्तर इथे वेगळे आहे. वर्तमानपत्रांत या प्रयोगांची जाहिरात येते, बातमीही येते, परीक्षण क्वचित. ते काम गावचे मंडळ करते. गडचिरोली जिल्ह्यातील वडसा, म्हणजे देसाईगंज, हे या व्यवसायाचे केंद्र. गोंदिया-बल्लारशा मार्गावरील हे गाव दीर्घकाळ जिल्ह्यातले एकमेव रेल्वे स्थानक होते. इथे नाट्यमंडळांची कार्यालये आहेत. हंगामापूर्वी गावोगावची मंडळी येतात, कोणत्या कंपनीचे कोणते नाटक, कोणती नायिका, विनोदी कोण, हे विचारून रक्कम ठरवतात आणि प्रयोग घेतात. तिकिटे गाव विकते. उरलेला पैसा देवळाला, समाजमंदिराला किंवा गावच्या अशाच एखाद्या कामाला लागतो. गेल्या वर्षी शेजारच्या गावी पडलेले नाटक यंदा कोणी घेत नाही. मोठ्या गावात एकाच रात्री दोन-तीन नाटके असतात, आणि मध्यंतरानंतर कोणता शामियाना ओसरला हे सकाळी सर्वांना कळते. शंभर शब्दांच्या अभिप्रायापेक्षा हा निकाल कठोर असतो. पण त्याला एक मर्यादा आहे. काय चालले ते तो सांगतो, का चालले ते सांगत नाही, आणि भाषेचा प्रश्न तर त्याच्या कक्षेत येतच नाही.

हा व्यवसाय नाजूक आहे. नाटकाची रात्र बहुधा मंडईच्या किंवा शंकरपटाच्या दिवसाला जोडलेली असते. सर्वोच्च न्यायालयाने 2014 मध्ये बैलांच्या शर्यतींवर बंदी घातली, तेव्हा पटाच्या निमित्ताने होणाऱ्या नाटकांनाही झळ बसली. डिसेंबर 2021 मध्ये शर्यतींना परवानगी मिळाली आणि 2023 मध्ये घटनापीठाने राज्याचा कायदा वैध ठरविला. मधल्या काळात कोरोना येऊन गेला. हंगामावर जगणारे कलावंत, वादक, पडदे लावणारी माणसे यांनी तो काळ शेतमजुरीवर काढला. बाहेरच्या जगाने मात्र याच सुमारास या रंगभूमीची दखल घेतली. तृशांत इंगळे यांचा ‘झॉलीवूड’ हा तिच्यावरचा मराठी चित्रपट 2022 मध्ये प्रदर्शित झाला, आणि 2023 मध्ये कुरखेडा तालुक्यातील गुरनोलीचे परशुराम खुणे यांना पद्मश्री मिळाली. आठशे निरनिराळ्या भूमिका आणि पाच हजारांवर प्रयोग, अशी त्यांच्या कारकिर्दीची नोंद त्या वेळी झाली.

पाच हजार प्रयोगांपैकी किती प्रयोगांविषयी कोणी लिहून ठेवले, हा प्रश्न त्या नोंदीशेजारी उभा राहतो. मालिकेचा भाग चुकला तर मोबाइलवर पुन्हा पाहता येतो. झाडीपट्टीच्या पुष्कळ संहिता छापल्या जात नाहीत. वह्यांतून आणि प्रॉम्प्टरच्या हातातल्या कागदांवरून त्या एका कंपनीतून दुसरीत जातात, आणि विनोदी पात्राने गावागणिक घातलेली भर तर त्या कागदांवरही नसते. म्हणजे ज्या भागात झाडीबोली सर्वाधिक जिवंत असते, नेमका तोच लिखित स्वरूपात उरत नाही. उरते ती नायिकेची छापील मराठी. प्रयोगागणिक पानभर टिपण ठेवायचे ठरले तर काम अवघड नाही : गाव, तारीख, नाटक, विनोदी पात्राने त्या रात्री जोडलेली वाक्ये त्याच बोलीत, आणि रडण्याचा प्रसंग कोणत्या भाषेत झाला. वडशाला कंपन्यांचे बुकिंग सुरू होते तेव्हा धान अजून बांध्यांत उभे असते. टिपणाची वही तेव्हाच घ्यावी.