मधाचें अनुपान

नागपुराहून इटारसीकडे जाणाऱ्या आगगाडीनें काटोल मागें टाकलें, कीं थोड्याच वेळांत नरखेड येतें. नागपूर जिल्ह्याच्या वायव्य कोपऱ्यांतला हा तालुका. पश्चिमेच्या अंगाला वर्धा नदी, तिच्या पैलतीरीं वरूडचा मुलूख, आणि उत्तरेकडे सातपुड्याच्या उतरत्या टेकड्यांबरोबर मध्यप्रदेशाची हद्द. जलालखेड्यास जाम नदी वर्धेला मिळते. जमीन बहुतेक काळी, आणि तिच्यावर कपाशीच्या जोडीला संत्र्याच्या बागा. माझें आजोळ याच तालुक्यांतलें. आंब्या बहाराच्या दिवसांत, म्हणजे जानेवारी-फेब्रुवारींत, बागेंत पाऊल ठेवलें कीं आधीं फुलांचा वास येई, आणि मग कान स्थिर झाल्यावर माशांचा गुणगुणाट ऐकूं येई. संत्र्याचें झाड या प्रांतीं भोसल्यांच्या अमदानींत आलें असें परंपरा सांगते. माशी मात्र त्याच्याहि पुष्कळ पूर्वींची रहिवासी.

आजीच्या कपाटांत चिनी मातीची एक लहान बरणी असे. तींत मध, आणि मधाखेरीज दुसरें कांहीं नाहीं. खोकला आला कीं सहाणेवर ज्येष्ठमधाचें मूळ उगाळलें जाई, किंवा तुळशीचीं पानें चेचून त्यांचा रस निघे, किंवा आलें किसून पिळलें जाई. तें वाटींत घेऊन वर बरणींतला चमचाभर मध पडे, आणि आजीच्या करंगळीनें कालवलेलें तें चाटण आमच्या जिभेवर येई. एकदां मीं विचारलें, “आजी, रोज रोज उगाळण्यापेक्षां सगळें एकदमच बरणींत कां घालून ठेवीत नाहींस?” ती म्हणाली, “मधांत कांहीं घालायचं नसतं रे. घालायचं तें वाटींत.” कारण तिनें सांगितलें नाहीं, आणि मींहि पुन्हा विचारलें नाहीं.

गेल्या हिवाळ्यांत आमच्या नागपूरच्या घरीं हा प्रश्न पुन्हा उपस्थित झाला. सूनबाईंनीं हौसेनें कांचेच्या बाटलींत ताजी तुळस व आल्याच्या चकत्या भरल्या, वरून कांठोकांठ मध ओतला आणि झांकण घट्ट लावून बाटली ओट्याच्या कोपऱ्यांत ठेवली. आठ-दहा दिवसांनीं वर फेंस जमला. झांकण उघडतांना आवाज झाला आणि निम्मा मध ओट्यावर आला. वासावरून तें औषध राहिलें नसून आसव होऊं लागलें होतें, हें मला कळलें. सूनबाईंना वाईट वाटलें. मला मात्र आजीचें वाक्य आठवलें, आणि त्याचा माग काढावा असें मनांत आलें.

हा माग चरक-सुश्रुतांपर्यंत जातो. चरकसंहितेंत मधाचे चार प्रकार सांगितले आहेत: माक्षिक, भ्रामर, क्षौद्र व पौत्तिक. माक्षिक तेलाच्या वर्णाचा, पौत्तिक तुपाच्या, क्षौद्र कपिल, भ्रामर पांढरा; आणि चौघांत माक्षिक श्रेष्ठ. सुश्रुतानें ही संख्या आठांवर नेली आहे. नवा मध पुष्टि करतो व जुना मध मेद झडवितो, असा भेदहि त्यानें केला आहे. परंतु आपल्या विषयास अत्यंत महत्त्वाचा शब्द आहे तो ‘योगवाही’. ज्याच्याशीं योग होईल त्याचे गुण वाहून नेणारा, तो योगवाही. मध हा स्वतः औषध आहेच. पण त्याहूनहि तो औषधाचें वाहन आहे. म्हणूनच वैद्यांच्या पुडीबरोबर ‘मधांतून घ्यावें’ ही सूचना येते, आणि ज्याच्यासंगें औषध घ्यावयाचें त्याला अनुपान हें नांव आहे. सितोपलादि चूर्ण घराघरांत ठाऊक आहे: खडीसाखर सोळा भाग, वंशलोचन आठ, पिंपळी चार, वेलदोडा दोन आणि दालचिनी एक. हें चूर्ण कोरडें, वर्षभर डब्यांत राहणारें. मध त्याला भेटतो तो तळहातावर किंवा वाटींत, घेण्याच्या क्षणीं.

मध शिजवूं नये, असा या ग्रंथांचा दुसरा दंडक आहे. माशी नाना फुलांवरून, विषारी फुलांवरूनहि, रस आणते. म्हणून उष्णतेशीं मधाचा विरोध, असें त्याचें कारण दिलेलें आहे. च्यवनप्राशाचा चरकोक्त पाठ पाहावा. पांचशें आंवळे शिजवून, तुपातेलांत परतून, साखर घालून पाक सिद्ध करावयाचा. पण सहा पळें मध पडतो तो सगळें निवल्यावर. आधुनिक रसायनशास्त्रानें ‘विष’ हा शब्द उचललेला नाहीं. तरी मध फार तापविला कीं त्यांतील पाचक द्रव्यें नष्ट होतात, सुवास उडतो आणि मधाच्या प्रतीला हीन ठरविणारें एक द्रव्य वाढतें, इतकें त्यालाहि मान्य आहे. (गांधीजी गरम पाण्यांत लिंबू व मध नित्य घेत. चरकाचार्यांची व महात्माजींची या मुद्द्यावर भेट झाली असती, तर तें संभाषण ऐकण्यासारखें झालें असतें.)

आतां दुसऱ्या एका परंपरेकडे वळूं. आजीच्या पद्धतीच्या अगदीं उलट, मधांत वस्तु मुरवून ठेवण्याची रीतहि फार जुनी आहे. तिचें घर मात्र पश्चिमेकडे. ग्रीक वैद्य हिपॉक्रेटिस याच्या नांवावर असलेल्या ग्रंथांत मध व शिरका यांच्या मिश्रणाची चर्चा येते. तेंच पेय इराणांत सिकंजबीन झालें. ‘सिरका’ म्हणजे शिरका आणि ‘अंगबीन’ म्हणजे मध, असा तो साधा समास आहे. युनानी हकिमांबरोबर तें आपल्याकडे आलें. गुलाबाच्या पाकळ्या मधांत मुरविल्या कीं तें ‘गुलंगबीन’. आणि याच शब्दाशेजारी आपल्या अगदीं ओळखीचा शब्द ठेवून पाहा: गुलकंद! येथें ‘अंगबीन’ जाऊन ‘कंद’ आला, म्हणजे मध गेला व साखर आली. हा फारसी ‘कंद’ मूळ आपल्याच ‘खंडे’चा, म्हणजे खडीसाखरेचा, अवतार. शब्द आपल्याकडून गेला आणि गुलाब घेऊन परत आला. ऊंसाची साखर जसजशी सुलभ झाली, तसतसा मुरांब्यांतून व पाकांतून मध मागें सरला; साखर तापवितां येते, तोलतां येते, बाजारांत हवी तेव्हां मिळते, आणि मधाला यांतलें एकहि जमत नाहीं. आपल्या घरांत मध उरला तो चाटणापुरता, देवाच्या पंचामृतापुरता आणि मांडवांत नवरदेवाला दिल्या जाणाऱ्या मधुपर्कापुरता.

मग आमच्या बाटलींत काय बिघडलें? पिकलेल्या मधांत पाण्याचा अंश शेंकडा वीसच्या आंत असतो. इतक्या दाट गोडींत जीवजंतूंना वाढतां येत नाहीं. पण ताजी तुळस, ताजें आलें हीं पाण्यानें भरलेलीं असतात. तें पाणी मध ओढून घेतो, वरचा थर पातळ होतो आणि मधांत निद्रिस्त असलेलें किण्व जागें होतें. प्राचीनांना हें उत्तम माहीत होतें, इतकेंच नव्हे, तर त्यांनीं त्याचा उपयोगहि करून घेतला. मध, पाणी व वनस्पति एकत्र करून मुरवत ठेवलें कीं मध्वासव, मध्वरिष्ट. किण्वाला जोर यावा म्हणून त्यांत सातपुड्यांत मुबलक मिळणारीं धायटीचीं लाल फुलें घालीत. इंग्रजी ‘मीड’ हें मधाचें मद्य आणि आपला ‘मधु’ एकाच कुळांतले, हें भाषापंडितांनीं दाखविलेंच आहे. म्हणजे सूनबाईंनीं केलें तें अशास्त्रीय नव्हतें. फक्त शास्त्र दुसऱ्या प्रकरणांतलें होतें!

बरणींत औषधी मध करून ठेवावयाचाच असेल, तर वनस्पति पूर्ण वाळलेली हवी. तुळशीचीं पानें सावलींत, बोटांनीं चुरा होईपर्यंत वाळवावीं. ज्येष्ठमध, दालचिनी, सुंठ हीं तर वाळलेलींच येतात. कोरड्या, स्वच्छ बरणीचा चौथा हिस्सा त्यांनीं भरावा, वर मध ओतावा, पानें तरंगतात म्हणून दिवसाआड बरणी उलटीसुलटी करावी, आणि दोन-तीन आठवड्यांनीं गाळून घ्यावा. विस्तवाचें काम नाहीं. ताज्या रसाचें चाटण करावयाचें असेल, तर तें त्या दिवसापुरतेंच. अडुळशाच्या रसाचें, आल्याच्या रसाचें आजी तसेंच करी.

पण बरणींतला मध येतो कोठून? विदर्भाच्या रानांत व बागांत तीन माशा मुख्यतः मध देतात. आग्या ही मोठी व रागीट. उंच झाडाला, कड्याला एकच प्रचंड पोळें उघड्यावर लावणारी. फुलोरी अगदीं लहान. झुडपांत हाताएवढें पोळें करणारी. आणि सातेरी ही ढोलींत, भिंतीच्या पोकळींत अनेक पोळीं समांतर बांधणारी. पेटींत पाळतां येते ती हीच. माझ्या लहानपणीं गांवांत येणारा मध बहुधा आग्याचा. रात्रीं मशाली लावून, धूर करून पोळें उतरवीत आणि हातानें पिळीत. त्यांत मेण, परागकण, अळ्या सारेंच येई, आणि शेकडों माशा होरपळून जात. त्या पिळलेल्या मधांत पाणीहि अधिक असे, म्हणून तो लवकर आंबे. आजीच्या नियमाला हेंहि एक कारण असावें असें मला वाटतें: आधींच नाजुक असलेल्या वस्तूंत आणखी ओल कां घालावी?

याला पर्याय अमेरिकेंत लँगस्ट्रॉथ यानें 1851 मध्यें शोधलेल्या, काढत्या-घालत्या चौकटींच्या पेटींत होता. पुढें 1865 च्या सुमारास ह्रुश्का यानें पोळें न मोडतां फिरवून मध काढण्याचें यंत्र केलें. आमच्या भागाला हा विचार जवळून दिसला तो वर्ध्यांत. 1934 च्या डिसेंबरांत अखिल भारत ग्रामोद्योग संघ स्थापन झाला, आणि त्यानें वर्ध्याच्या मगनवाडींत ज्या धंद्यांचा पुरस्कार केला त्यांत मधमाशीपालन होतें. माशी न मारतां मध, ही कल्पना गांधीजींना रुचावी हें स्वाभाविकच होतें. संघाचे सूत्रधार जे. सी. कुमाराप्पा यांनीं तर 1945 सालीं प्रसिद्ध झालेल्या आपल्या अर्थशास्त्रावरील ग्रंथांत मधमाशीला समूहासाठीं झटणाऱ्या अर्थव्यवस्थेचें उदाहरण केलें. पुढें महाराष्ट्रांत या धंद्याचें केंद्र महाबळेश्वरकडे गेलें. तेथूनच जवळ असलेलें मांघर 2022 मध्यें ‘मधाचें गांव’ म्हणून जाहीर झालें. नरखेडच्या बागांना मात्र पेट्यांपेक्षां औषधफवारणीचा परिचय अधिक. बहार फुललेला असतांना भर दुपारीं केलेली फवारणी माशीला मारते, हें बागाईतदार जाणतात. संध्याकाळीं, माशा परतल्यावर फवारणारे मात्र मला थोडेच भेटले.

आतां आजीच्याच रीतींतली एक गोष्ट, जी आम्हांला सोडावी लागली. गृह्यसूत्रांतील जातकर्मांत पिता नवजात बालकाला सोन्यानें मध व तूप चाटवितो. आमच्या घरांत पिढ्यान् पिढ्या हें होत आलें. माझ्याहि जिभेला पहिला स्पर्श आजीच्या आंगठीवरल्या मधाचा. परंतु 1976 सालीं कॅलिफोर्नियांत तान्ह्या मुलांचा एक विचित्र रोग डॉक्टरांनीं ओळखला: बद्धकोष्ठ, मग मान टाकणें, रडण्याचा आवाज क्षीण होणें, श्वास मंदावणें. एका जंतूचीं बीजें तान्ह्याच्या आंतड्यांत रुजून विष तयार करतात, आणि हीं बीजें मधांत असूं शकतात, असें पुढें दिसून आलें. मोठ्यांना तीं बाधत नाहींत. आंतडीं पक्व झालेलीं असतात. घरच्या उकळण्यानें तीं मरत नाहींत, आणि शुद्ध, रानच्या, स्वतः काढलेल्या मधांतहि तीं असूं शकतात. म्हणून वर्ष पुरें होण्यापूर्वीं बाळाला मध द्यावयाचा नाहीं. चाटण नाहीं, गुटींतून नाहीं, बोटभरहि नाहीं.

यंदा आमच्या घरीं नात झाली. दुसऱ्या दिवशीं नरखेडहून माझी मावशी आली, ती पदराखालीं चांदीची वाटी घेऊनच. वाटींत त्याच जुन्या बरणींतला मध. मीं तिला वरची सगळी हकीकत सांगितली. ती बराच वेळ बोलली नाहीं. मग म्हणाली, “माझ्या चारी मुलांना मीं दिला. कांहीं झालं नाहीं.” तें खरेंच होतें, आणि त्याला माझ्याजवळ उत्तर एवढेंच होतें, कीं बहुतेकांना कांहीं होत नाहीं, ज्याला होतें तें मूल आपलें असूं नये. तिनें वाटी पुन्हा बरणींत उपडी केली, बोटानें निपटून घेतली, आणि नातीच्या ओठांना नुसती कोरडी आंगठी लावली. “वर्षाची झाली कीं बघूं,” ती म्हणाली. आणि बरणी आमच्याच कपाटांत, वरच्या फळीवर ठेवून गेली.