काडी, ठिणगी आणि खिशातला वायू



विस्तव पेटवणे हे काम आज इतके सोपे झाले आहे की एके काळी ते अवघड होते, याची आठवणही आपल्याला उरलेली नाही. जुन्या काळी आपल्या खेड्यापाड्यांतून घरची बाई रात्री निजण्यापूर्वी चुलीतला निखारा राखेखाली पुरून ठेवी. पहाटे राख बाजूला सारायची, फुंकणीने फुंकर घालायची, की विस्तव पुन्हा हाती येई. निखारा विझला असला तर शेजारच्या घरून गोवरीवर विस्तव आणावा लागे. पुरुषमंडळींच्या बटव्यात चकमक, गारगोटी आणि सावरीचा कापूस असे. दहा वेळा घासावे तेव्हा एखादी ठिणगी कापसावर पडे, आणि पावसाळ्यात कापूस सर्दावला म्हणजे तीही फुकट जाई.

या विस्तवाचा गेल्या दोनशे वर्षांचा इतिहास मी आज सांगणार आहे. हा इतिहास ज्या वस्तूपाशी येऊन पोहोचतो, ती म्हणजे पुन्हापुन्हा गॅस भरून वापरायचा खिशातला लायटर. तो सुरक्षितपणे कसा भरावा, हेही ओघाने येईल. या साऱ्या इतिहासाचे सार मात्र आधीच सांगून ठेवतो. आग माणसाच्या ताब्यात आली ती नवे ज्वालाग्राही पदार्थ सापडले म्हणून नव्हे. ज्या गोष्टी एकत्र आल्या की पेट घेतात, त्या वेळ येईपर्यंत वेगळ्या ठेवायला माणूस शिकला, म्हणून ती ताब्यात आली.

आपल्याला वाटते की आधी काडेपेटी आली आणि मग लायटर. प्रत्यक्षात क्रम उलटा आहे. जर्मनीतील येना येथील रसायनशास्त्राचे प्राध्यापक डोबेरायनर यांनी १८२३ साली एक दिवा तयार केला. काचेच्या भांड्यात जस्त आणि सौम्य गंधकाम्ल यांच्यापासून हायड्रोजन वायू निघे. तोटी उघडली की तो प्लॅटिनमच्या सच्छिद्र तुकड्यावर जाई आणि आपोआप पेटे. हा वायूचा पहिला लायटर म्हणता येईल. पण तो होता मेजावर ठेवायचा. आम्लाने भरलेले भांडे खिशात घालून कोण हिंडणार?

पुढे चारच वर्षांनी, १८२७ च्या एप्रिल महिन्यात, इंग्लंडातील स्टॉकटन या गावचे औषधविक्रेते जॉन वॉकर यांनी घासून पेटणाऱ्या काड्या विकायला काढल्या. काडीच्या टोकाला रसायनांचा लेप आणि सोबत खरखरीत कागदाचा तुकडा, एवढाच सरंजाम. वॉकर यांनी या शोधाचे पेटंट घेतले नाही, त्यामुळे नकला झपाट्याने झाल्या. या काड्या कधी भडकत, कधी पेटतच नसत. मग १८३० च्या सुमारास पांढरा फॉस्फरस वापरात आला आणि काडी कुठेही घासली तरी पेटू लागली. भिंतीवर घासा, जोड्याच्या तळव्यावर घासा, ती पेटणारच.

लोकांना ही मोठी सोय वाटली. पण या सोयीची किंमत वेगळ्याच माणसांनी मोजली. पांढरा फॉस्फरस हे विष आहे. कारखान्यात काड्यांची टोके बुडवणाऱ्या आणि पेट्या भरणाऱ्या कामगारांच्या नाकातोंडात त्याच्या वाफा जात. आधी दात दुखे, मग हिरड्या सुजत आणि पुढे जबड्याचे हाडच कुजू लागे. व्हिएन्नातील वैद्य लोरिन्झर यांनी १८४५ साली या रोगाची नोंद केली. तरीही या काड्या पुढे साठ वर्षे विकल्या गेल्या, कारण त्या स्वस्त होत्या.

१८८८ च्या जुलै महिन्यात लंडनच्या पूर्व भागातील ब्रायंट अँड मे या काडेपेटीच्या कारखान्यातील सुमारे चौदाशे मुली आणि बायका काम टाकून बाहेर पडल्या. त्यांच्या हालअपेष्टांवर त्याआधी काही दिवस एका बाईंनी लेख लिहिला होता. त्या बाई म्हणजे अॅनी बेझंट. ज्या पुढे भारतात आल्या, होमरूलच्या चळवळीत शिरल्या आणि १९१७ साली काँग्रेसच्या अध्यक्ष झाल्या, त्याच या. संपकरी मुलींच्या मागण्या साध्या होत्या. पगारातून दंड कापू नये आणि जेवायला वेगळी खोली द्यावी. ही खोलीची मागणी नीट पाहा. विष आणि भाकरी एकाच फळीवर नको, एवढेच त्या मागत होत्या. मालकांना त्या मागण्या मान्य कराव्या लागल्या. पांढऱ्या फॉस्फरसवर मात्र बंदी यायला १९०६ सालचा बर्न येथील आंतरराष्ट्रीय करार व्हावा लागला. भारतात तसा कायदा १९१३ साली झाला.

वाईट याचे वाटते, की उपाय केव्हाच सापडला होता! स्वीडनमधील पाश या शास्त्रज्ञाने १८४४ साली आणि त्यानंतर योनशोपिंग गावच्या लुंडस्ट्रोम बंधूंनी एक साधी युक्ती केली होती. पेट घ्यायला लागणारी सारी द्रव्ये काडीच्याच टोकाला कशाला हवीत? त्यांनी फॉस्फरस काडीवरून काढला आणि पेटीच्या कडेवरच्या पट्टीला लावला. तोही पांढरा नव्हे, तांबडा, म्हणजे विषारी नसलेला. काडी एकीकडे, पट्टी दुसरीकडे. दोहोंची गाठ माणूस घालील तेव्हाच आग. आपल्या देवळीतली काडेपेटी आजही याच तत्त्वावर चालते.

भारतात हा धंदा रुजला तो १९२० नंतरच्या दशकात. स्वीडिश कंपनीने विम्को नावाने आपल्या अंबरनाथला कारखाना घातला. त्याच सुमारास शिवकाशीचे अय्या नाडर आणि षण्मुग नाडर हे कलकत्त्याला जाऊन काडेपेटीची विद्या शिकून आले. त्यांच्यामुळे तमिळनाडूच्या त्या कोरडवाहू मुलखात हजारो हातांना काम मिळाले. त्या हातांत लहान मुलांचे हातही होते, हे विसरता येत नाही. काडेपेट्या बनवण्याच्या कामावर मुले ठेवण्यास १९८६ च्या कायद्याने मनाई केली.

आता लायटरकडे वळू. काडीशी स्पर्धा करायची तर ठिणगी स्वस्त आणि हुकमी हवी. ती दिली ऑस्ट्रियाच्या आउअर फॉन वेल्सबाख यांनी. सिरियम आणि लोखंड यांचा एक मिश्रधातू त्यांनी १९०३ साली तयार केला. यालाच आपण लायटरचा ‘दगड’ म्हणतो. खरबरीत चाकाने तो खरवडला की ठिणग्यांचा झोत निघतो. पहिल्या महायुद्धात खंदकांतल्या शिपायांनी काडतुसांच्या रिकाम्या नळकांड्यांचे लायटर केले. त्यांत वात असे आणि इंधन पेट्रोलचे. पण पेट्रोल उडून जाई, गळे, खिशाला वास मारी.

पेट्रोलची जागा घेतली ब्युटेन वायूने. १९१० साली अमेरिकेतील स्नेलिंग यांनी पेट्रोलमधून उडून जाणाऱ्या वायूंचा अभ्यास केला आणि त्यांतूनच पुढे आपल्या स्वयंपाकघरातल्या सिलिंडरचा गॅस आला. ब्युटेन हा त्यातलाच एक घटक. तो उणे अर्ध्या अंशाला उकळतो. म्हणजे मोकळ्या हवेत तो वायू असतो, पण थोडासा दाब दिला की त्याचा द्रव होतो आणि लहानशा टाकीत मावतो. १९५० च्या दशकात हे लायटर पाश्चात्य देशांत पसरले. येथे एक खुलासा केला पाहिजे. शेगडी पेटवायला आपण जो लांब दांड्याचा लायटर वापरतो, त्यात गॅस नसतो. तो नुसती विजेची ठिणगी पाडतो, त्यामुळे तो भरण्याचा प्रश्नच येत नाही.

खिशातल्या लायटरमध्ये मात्र खरोखरच गॅस असतो. तिथेही तत्त्व तेच आहे, वेगळे ठेवण्याचे. आत द्रव, बाहेर हवा आणि मध्ये एक बारीकशी झडप. लायटर भरताना हीच झडप आपण आपल्या हाताने उघडतो. कारखान्यात जी काळजी घेतली जाते, ती त्या चार-पाच मिनिटांपुरती आपल्याला घ्यावी लागते.

म्हणून पहिली गोष्ट ही, की लायटर भरण्याजोगा आहे की नाही ते पाहावे. बुडाशी झडपेचे छोटे तोंड नसेल तर तो संपल्यावर टाकून द्यायचा. त्याला भोक पाडून खटाटोप करू नये. दुसरी गोष्ट जागेची. ब्युटेन हवेच्या दुप्पट जड आहे. तो वर उडून न जाता पाण्यासारखा खाली उतरतो आणि खोलीच्या कोपऱ्यात साचतो. हवेत तो शेकडा दोन इतका मिसळला तरी पेट घेऊ शकतो. तेव्हा भरायचे ते अंगणात, उघड्यावर. जवळ चूल, देवापुढची समई, पेटती विडी काही नको.

लायटर नुकताच वापरलेला असेल तर आधी गार होऊ द्यावा आणि ज्योतीचा स्क्रू सर्वांत कमीवर आणावा. मग लायटर उलटा धरून बारीक सळीने झडप दाबावी आणि आत उरलेली हवा व गॅस निघून जाऊ द्यावा. आता लायटर तसाच उलटा, झडप वर करून धरायचा. गॅसचा डबा त्याच्यावर उलटा, तोंड खाली करून, सरळ उभा टेकवायचा आणि काही सेकंद दाबायचा. तिरपा धरला की गॅस बाहेर फवारतो आणि बोटांना बर्फासारखा चटका बसतो. कडेने द्रव उसळू लागला की थांबावे. टाकी काठोकाठ भरायची नसते. हवा २० अंशांवरून ४० अंशांवर तापली की आतला दाब जवळजवळ दुप्पट होतो, आणि आपल्या वैशाखात ४० अंश म्हणजे नित्याचीच गोष्ट. द्रवाला फुगायला जागा हवी. भरून झाल्यावर पाचएक मिनिटे लायटर बाजूला ठेवावा, सांडलेला गॅस उडून जाऊ द्यावा आणि मगच तोंडापासून दूर धरून पेटवून पाहावा. भरलेला लायटर उन्हात किंवा मोटारीत काचेखाली ठेवू नये. त्यात रॉकेल वा पेट्रोल तर कधीच घालू नये.

शिक्षकबंधूंना आणि भगिनींना एक गोष्ट मुद्दाम सांगायची आहे. पिस्तुलाच्या, मोटारीच्या, माशाच्या आकाराचे लायटर मोठ्यांना गंमतीचे वाटतात, पण मुलाला त्यात फक्त खेळणे दिसते. अमेरिकेत १९९४ साली नियम लागू झाला, की लायटर लहान मुलाला सहज पेटवता येऊ नये. युरोपीय संघाने २००६ साली खेळण्यासारख्या लायटरांच्या विक्रीवरच बंदी घालण्याचा निर्णय घेतला. भरण्याचा गॅस हुंगल्याने एकाएकी मृत्यू येऊ शकतो. म्हणून ब्रिटनने १९९९ साली अठरा वर्षांखालील मुलांना तो विकण्यास मनाई केली. आपल्याकडे २०२३ च्या जूनमध्ये वीस रुपयांहून कमी किमतीच्या सिगारेट-लायटरांची आयात बंद केली गेली, पण तिच्यामागे मुख्यतः काडेपेटीच्या धंद्याचा विचार होता. मुलांचे रक्षण कायद्यावर सोपवून आपल्याला मोकळे होता येणार नाही. डबा आणि लायटर दोन्ही वरच्या फळीवर, मुलांच्या हाताबाहेर ठेवावीत, हे काम घरच्यांचेच आहे.

वर्गात हे शिकवायला मोठी साधने नकोत. एक काडेपेटी घ्या. काडी आधी साध्या भिंतीवर घासून दाखवा, मग पेटीच्या पट्टीवर. भिंतीवर ती सहसा पेटणार नाही, पट्टीवर तत्काळ पेटेल. मुले कारण विचारतील. तेव्हा त्यांना पाश आणि लुंडस्ट्रोम यांची युक्ती सांगा. लंडनच्या त्या चौदाशे मुलींची हकिगतही सांगा, म्हणजे ती युक्ती घराघरांत पोहोचायला इतकी वर्षे का लागली, हेही त्यांना समजेल.