राणीच्या बागेतून मराठी
राणीची बाग म्हणजे मुंबईत भायखळ्याला असलेले प्राणिसंग्रहालय. याच नावाचा विंदा करंदीकरांचा बालकवितासंग्रह १९६१ साली प्रसिद्ध झाला. त्यातले प्राणी माणसांसारखे वागतात, म्हणून मुलांना ते लगेच आपले वाटतात.

इंदूरमध्ये आपली मुले शाळेत आणि गल्लीत हिंदी बोलतात. हिंदीत नपुंसकलिंग नाही. त्यामुळे घरातल्या मराठीतही ‘ते माकड’चे ‘तो माकड’ होते आणि ‘ळ’चा ‘ल’ होतो. नुसते व्याकरण पाठ करून हे सुटत नाही. तो हत्ती, ती खार, ते माकड ही लिंगे कवितेतून सहज कानावर पडतात. कावळा, बगळा, मुंगळा असे यमक जुळले की जीभही ‘ळ’कडे वळते.

म्हणून आम्ही पालकांना सुचवतो, की रोज एक कविता मुलांबरोबर मोठ्याने म्हणा. अर्थ नंतर विचारा.