पलायन

पलायन : ताबा, पहारा, बंधन, संकट वा कर्तव्य यांपासून दूर जाण्याच्या हेतूने केलेले, बहुधा गुप्त, निर्गमन. मराठीत हा शब्द प्रामुख्याने ग्रंथिक व औपचारिक भाषेत येतो. मूळ अर्थात गुप्तता अनिवार्य नाही. रणांगणावरून सर्वांच्या देखत झालेल्या पळालाही पलायन म्हणतात. तथापि कैद, नजरकैद, वेढा किंवा न्यायालयाची हुकमत यांच्या संदर्भात या शब्दाला ‘कोणास न कळू देता निघून जाणे’ असा विशेष अर्थ प्राप्त झाला आहे. शब्दाबरोबर येणारा दोषाचा भाव हे त्याचे दुसरे वैशिष्ट्य होय. त्यामुळे एकाच घटनेस कोणी पलायन, कोणी सुटका, तर कोणी निष्क्रमण म्हणतो. इतिहासलेखनाच्या दृष्टीने ही शब्दांची निवड म्हणजे एक प्रकारची साक्षच असते.

व्युत्पत्ती व समानार्थी शब्द : पलायन हा शब्द ‘परा’ हा उपसर्ग व गतिवाचक ‘अय्’ हा धातू यांपासून झाला आहे. या धातूपूर्वी उपसर्गातील ‘र’चा ‘ल’ होतो, असा पाणिनीचा नियम आहे. ‘दूर जाणे’ एवढाच त्याचा मूळ अर्थ असला, तरी क्षात्रधर्माच्या चर्चेत तो निंदाव्यंजक बनला. भगवद्गीतेत क्षत्रियाच्या स्वाभाविक कर्मांत ‘अपलायन’ गणले आहे. मनुस्मृतीने पळणाऱ्या योद्ध्यास दोषी ठरविले. मात्र पाठ फिरविलेल्या शत्रूवर प्रहार करू नये, असेही सांगितले. याच परंपरेत मथुरा सोडून द्वारकेस गेलेल्या श्रीकृष्णास ‘रणछोड’ हे नाव मिळाले व ते पूज्य ठरले. रण सोडणे सर्वथा निंद्य, असे लोकमानसानेही मानलेले नाही, याचे हे बोलके उदाहरण होय.

मराठीतील समानार्थी शब्दसंपदा विपुल आहे. ‘फरार’ व ‘फरारी’ हे शब्द अरबी-फारसीतून आले असून ते राज्यकारभार व न्यायव्यवहार यांत रूढ झाले. ‘परागंदा’ हाही फारसी शब्द. विखुरलेला हा त्याचा मूळ अर्थ. मराठीत तो घरदार सोडून देशोधडीस लागलेल्या माणसास लावतात. ‘गाशा गुंडाळणे’ यातील गाशा म्हणजे घोड्याच्या खोगिरावरील आच्छादन. लष्करी मुक्काम हलविण्याच्या धांदलीतून हा वाक्प्रचार आला. ‘पोबारा करणे’ सोंगट्यांच्या दानावरून, तर ‘सूंबाल्या करणे’, ‘काढता पाय घेणे’, ‘गुंगारा देणे’, ‘हातावर तुरी देणे’ हे नित्याच्या बोलीतील प्रयोग आहेत. यांतील अर्थच्छटा भिन्न आहेत. काढता पाय घेणाऱ्यावर कोणाचा पहारा नसतो; हातावर तुरी देण्यासाठी मात्र पकडणारा हात असावा लागतो. म्हणूनच या शेवटच्या वाक्प्रचारात पळणाऱ्याच्या चातुर्याचे कौतुक आणि पहारेकऱ्याची फजिती हे दोन्ही भाव आढळतात. पलायन या संस्कृत शब्दात असे कौतुक नाही.

प्राचीन विचार : गुप्त निर्गमनाचा शास्त्रीय विचार कौटिल्याच्या अर्थशास्त्राच्या सातव्या अधिकरणात ‘समाधिमोक्ष’ या प्रकरणात आढळतो. तहाच्या हमीसाठी ओलीस ठेवलेल्या राजपुत्राची मुक्तता कशी करावी, हा त्याचा विषय. कारागिरांकरवी भुयार खणविणे, नट व गायकांच्या वेषात माणसे आत पाठविणे, आचारी, स्नान घालणारे इ. सेवकांकरवी वस्त्रे, भांडी, शय्या व अन्य सामानाबरोबर त्यास बाहेर काढणे असे अनेक उपाय त्यात दिले आहेत. येथे लक्षात घेण्याजोगी बाब ही, की या कृतीस कौटिल्य पलायन न म्हणता ‘मोक्ष’ म्हणतो. राजपुत्राच्या राज्याच्या दृष्टीने ती मुक्तता होय. सिद्धार्थ गौतमाने रात्री, आप्तेष्टांच्या नकळत, छन्न सारथी व कंथक अश्व यांसह केलेला गृहत्याग बौद्ध परंपरेत ‘महाभिनिष्क्रमण’ म्हणून ओळखला जातो. निर्गमन गुप्तच होते. परंतु कशापासून दूर गेला यापेक्षा कशाकडे गेला यावर परंपरेने भर दिला व त्यास अनुरूप शब्द योजिला.

मराठी इतिहासातील प्रसंग : छत्रपती शिवाजी महाराज (१६३०–८०) पुरंदरच्या तहानंतर (१६६५) मिर्झा राजे जयसिंग यांच्या आग्रहावरून औरंगजेबाच्या भेटीस गेले. १२ मे १६६६ रोजी आग्र्याच्या दरबारात त्यांचा उपमर्द झाला आणि पुढे त्यांच्या निवासस्थानाभोवती फौलादखान कोतवालाचा पहारा बसला. १७ ऑगस्ट १६६६ रोजी ते तेथून निसटले. दुसऱ्या दिवशी ही गोष्ट उघडकीस आली. मिठाईच्या पेटाऱ्यांतून ते बाहेर पडल्याचा वृत्तांत सर्वश्रुत आहे. प्रत्यक्ष मार्गाविषयी आणि राजगडी परतल्याच्या दिवसाविषयी अभ्यासकांत मतभेद आहेत. मोगल दरबाराच्या दृष्टीने मनसबदाराचा पिता बादशाही पहाऱ्यातून पळाला, म्हणजे हा गुन्हा होता. मराठीत मात्र हा प्रसंग ‘आग्र्याहून सुटका’ या नावानेच रूढ झाला. कौटिल्याचा ‘मोक्ष’ व मराठीतील ‘सुटका’ यांचा अर्थ एकच आहे. अर्थशास्त्राची संहिता विसाव्या शतकाच्या आरंभी प्रकाशात आली, हे ध्यानात घेता हे साम्य अनुकरणाचे नसून परिस्थितीच्या सारखेपणाचे मानणे योग्य.

गुप्त निर्गमन ही एकट्याची कृती क्वचितच असते. आग्र्यात महाराजांच्या शय्येवर हिरोजी फर्जंद निजून राहिल्याचे बखरी सांगतात. नऊ वर्षांच्या संभाजीराजांना मथुरेस मागे ठेवावे लागले. रघुनाथ बल्लाळ कोरडे व त्र्यंबक सोनदेव डबीर हे मोगलांच्या हाती सापडले आणि त्यांचा छळ झाला. जामीन राहिलेल्या रामसिंगावर बादशहाची इतराजी झाली. तत्पूर्वी जुलै १६६० मध्ये पन्हाळ्याच्या वेढ्यातून महाराज विशाळगडाकडे निघाले, तेव्हा शिवा काशीद व बाजीप्रभू देशपांडे यांनी प्राण वेचले. पलायन हा शब्द केवळ जाणाऱ्याचा निर्देश करतो. मागे राहणाऱ्यांसाठी त्यात जागा नाही.

आग्र्याच्या घटनेचा उत्तरार्ध औरंगाबादेत (२०२३ पासून छत्रपती संभाजीनगर) घडला. मलिक अंबरने १६१० मध्ये वसविलेल्या खडकी या नगरास औरंगजेबाने आपले नाव दिले होते आणि ते दख्खन सुभ्याचे मुख्य ठाणे होते. औरंगपुरा, जयसिंगपुरा, कर्णपुरा, पदमपुरा ही तेथील वस्त्यांची नावे आजही बादशहा व त्याचे राजपूत सरदार यांची आठवण देतात. १६६७ मध्ये शाहजादा मुअज्जम सुभेदार म्हणून तेथे आला आणि शिवाजी महाराजांशी समेट झाला. त्या वर्षीच्या नोव्हेंबरात संभाजीराजांनी औरंगाबादेस येऊन शाहजाद्याची भेट घेतली. त्यांच्या मनसबीच्या चाकरीसाठी प्रतापराव गुजर व निराजी रावजी हे मराठ्यांची फौज घेऊन या शहरी राहिले. खर्चासाठी वऱ्हाडात जहागीर मिळाली. १६६९ च्या अखेरीस या दोघांना कैद करण्याचा हुकूम बादशहाने पाठविला. सभासद बखरीनुसार त्याची वार्ता आधीच मिळालेल्या शाहजाद्याने निराजी रावजींना सावध केले. हुकूम पोहोचण्यापूर्वी प्रतापराव व निराजी फौजेसह शहर सोडून स्वराज्यात दाखल झाले. फेब्रुवारी १६७० मध्ये मराठ्यांनी सिंहगड घेतला आणि उघड युद्धास प्रारंभ झाला.

या प्रसंगास पलायन म्हणावे काय? फौज मोगल चाकरीत होती, म्हणून बादशहाच्या दृष्टीने ही बेइमानी. परंतु कैदेचा हुकूम प्रथम सुटला, म्हणजे करार बादशहानेच मोडला होता. शिवाय सभासदाचे कथन खरे मानल्यास खुद्द पहारेकऱ्यानेच वाट मोकळी करून दिली. एवढी फौज शहराबाहेर पडते व तिचा पाठलाग होत नाही, यावरून निर्गमनाची गुप्तता ही कित्येकदा दोन्ही पक्षांच्या सोयीची असते, हेही दिसून येते.

एकाच व्यक्तीच्या दोन निर्गमनांविषयी विरुद्ध निर्णय दिला जातो, याचे उदाहरण संभाजीराजांच्या (१६५७–८९) चरित्रात आहे. डिसेंबर १६७८ मध्ये ते सज्जनगडाच्या परिसरातून गुप्तपणे निघून मोगल सरदार दिलेरखानास मिळाले. सुमारे वर्षभराने, १६७९ च्या अखेरीस, ते तितक्याच गुप्तपणे खानाच्या छावणीतून निघून विजापूरमार्गे पन्हाळ्यास परतले. पद्धत एकच, पहिल्या प्रसंगावर मराठी लेखकांनी दोषाचा ठपका ठेवला, दुसऱ्यास परत येणे म्हटले. निर्णय पद्धतीवरून झाला नाही, दिशेवरून झाला.

रायगडास वेढा पडल्यावर छत्रपती राजाराम महाराज (१६७०–१७००) एप्रिल १६८९ मध्ये गड सोडून प्रतापगडमार्गे पन्हाळ्यास गेले व सप्टेंबरात तेथून लिंगायत यात्रेकरूंच्या वेषात दक्षिणेस निघाले. केळदीच्या राणी चन्नम्मा हिने औरंगजेबाचा रोष पतकरून त्यांना वाट दिली. येसूबाई व बालक शाहू रायगडावर मागे राहिले आणि गड पडल्यावर मोगलांच्या कैदेत गेले. जिंजीस पोहोचलेल्या राजारामांनी तेथून आठ वर्षे राज्य चालविले. सभासदाची बखर तेथेच लिहिली गेली व केशव पंडिताने त्या प्रवासावर राजारामचरितम् हे संस्कृत काव्य रचले. छत्रपती निसटले, म्हणून राज्य टिकले. पलायन शब्दाचा रूढ निंदार्थ येथे पूर्णपणे अपुरा पडतो.

रयतेचे परागंदा होणे : राजे व सरदार यांच्या सुटकेच्या कथा झाल्या, रयतेच्या निर्गमनाची नोंद कागदपत्रांत कोरड्या शब्दांत आढळते. फौजांची धामधूम, दुष्काळ वा वसुलीचा जाच असह्य झाला, की कुणबी रातोरात गाव सोडीत. मग ‘रयत परागंदा झाली’, ‘गाव बेचिराग झाला’ असे शब्द लिहिले जात. बेचिराग म्हणजे जेथे दिवा लागत नाही असा. या निर्गमनाला शिक्षा करणे सरकारच्या हिताचे नव्हते, कारण जमीन कसणाऱ्यावाचून महसूल नाही. म्हणून कौल देऊन रयतेस परत बोलावीत आणि पहिल्या वर्षी अल्प, पुढे क्रमाने वाढणारा सारा ठरवीत. यास ‘इस्तावा’ म्हणत. गाव सोडून जाणे हे अशा रीतीने शस्त्रहीन माणसाच्या हातातील एक दडपण होते. मात्र परत न आलेल्यांचा मागमूस कागदपत्रांत क्वचितच लागतो.

आधुनिक काळ : ८ जुलै १९१० रोजी विनायक दामोदर सावरकर यांनी मार्सेल्स बंदरात मोरिया या आगबोटीतून समुद्रात उडी घेतली. फ्रेंच भूमीवर त्यांना पकडून ब्रिटिशांच्या स्वाधीन केल्याचा वाद हेगच्या लवादापुढे गेला व १९११ मध्ये निकाल ब्रिटनच्या बाजूने लागला. मराठीत या प्रसंगास पलायन न म्हणता ‘उडी’ म्हणतात. जानेवारी १९४१ मध्ये सुभाषचंद्र बोस कलकत्त्यातील नजरकैदेतून वेष पालटून निघून गेले. बंगालीत त्यास बुद्धचरित्रातील शब्दाच्या धर्तीवर ‘महानिष्क्रमण’ म्हणतात. १९४२ च्या आंदोलनात ‘भूमिगत’ हा शब्द प्रतिष्ठा पावला. हैदराबाद मुक्तिसंग्रामात (१९४७–४८) मराठवाड्यातील अनेक कार्यकर्ते भूमिगत झाले वा संस्थानाच्या सीमेबाहेरील शिबिरांत गेले. रझाकारांच्या भीतीने सामान्य कुटुंबेही शेजारच्या प्रांतांत गेली. सरकारी दप्तरातील फरारी मनुष्य लोकांच्या बोलण्यात भूमिगत असे, तर दोन्हींपैकी कोणत्याच शब्दात न बसणारी कुटुंबे निर्वासित ठरत.

विधी : भारतीय कायद्यात वॉरंट चुकविण्यासाठी दडून बसणाऱ्याविरुद्ध न्यायालय उद्‌घोषणा काढू शकते व हजर होण्यास किमान तीस दिवसांची मुदत देते. १९७३ च्या फौजदारी प्रक्रिया संहितेतील ही तरतूद १ जुलै २०२४ पासून अमलात आलेल्या भारतीय नागरिक सुरक्षा संहितेतही आहे. नव्या संहितेने उद्‌घोषित अपराध्याच्या गैरहजेरीत खटला चालविण्याचीही व्यवस्था केली. मोठ्या आर्थिक गुन्ह्यांनंतर परदेशी जाणाऱ्यांसाठी २०१८ मध्ये स्वतंत्र अधिनियम झाला. असे असले, तरी केवळ फरारी होणे हा अपराधाचा निर्णायक पुरावा नव्हे, हे तत्त्व भारतीय न्यायालयांनी वारंवार मान्य केले आहे. निर्दोष मनुष्यही भयाने पळू शकतो.

वाङ्मयीन टीकेत वास्तवाकडे पाठ फिरविणाऱ्या वृत्तीस पलायनवाद म्हणतात. अलीकडे हिंदीच्या प्रभावाने उपजीविकेसाठी गाव सोडण्यासही मराठी वृत्तपत्रांत पलायन म्हटले जाते. मराठीत त्यासाठी ‘स्थलांतर’ हा निर्दोष शब्द उपलब्ध आहे. पोट भरण्यासाठी जाणाऱ्यास पलायनाचा दोष लावणे अनुचित होय.

तात्पर्य, पलायन हा वर्णनपर भासणारा, परंतु निर्णय देणारा शब्द आहे. तो योजण्यापूर्वी निर्गमन कोणाच्या ताब्यातून झाले, तो ताबा न्याय्य होता काय, जाणारा कशाकडे गेला आणि मागे कोण राहिले, हे तपासणे आवश्यक ठरते. साधनग्रंथात हा शब्द आढळल्यास तो प्रथम लेखकाच्या पक्षाविषयी माहिती देतो. घटनेविषयीची माहिती अन्य साधनांशी ताडूनच घ्यावी लागते.