एक किलो, किती सेकंद?

तुम्ही आळेफाट्याच्या चौकात उभे आहात. पुण्याहून आलेला रस्ता इथून नाशिकला जातो. कल्याणहून माळशेज घाट चढून आलेला त्याला छेदून नगरकडे निघतो. टोमॅटोचे क्रेट लादलेला ट्रक वळण घेतो आहे. ट्रकवाल्यांच्या गप्पांत एक प्रश्न हमखास येतो : गाडी अ‍ॅव्हरेज काय देते? आज हाच प्रश्न घेऊन तुम्ही काळात मागे जाणार आहात, पण तो रॉकेटला विचारायला.

ट्रकचं चाक रस्त्याला मागे रेटतं, म्हणून ट्रक पुढे जातो. आकाशात रेटायला रस्ता नाही, आणि रॉकेट हवेलाही रेटत नाही. ते आपल्याच पोटातला वायू प्रचंड वेगाने मागे फेकतं आणि त्याच्या प्रतिक्रियेने पुढे सरकतं. म्हणून ते निर्वात पोकळीतही चालतं, उलट तिथे जास्त चांगलं चालतं. फेकण्यासारखं सगळं बरोबर न्यावं लागत असल्याने प्रत्येक किलोचा हिशेब द्यावा लागतो.

साल १७७५. तुम्ही गुजरातेत मही नदीच्या परिसरात, मराठा सेनापती हरिपंत फडक्यांच्या फौजेत आहात. समोर रघुनाथरावांची आणि त्यांच्या मदतीला आलेल्या इंग्रजांची फौज. बाणदार ओळीने बसले आहेत. बाण म्हणजे त्या काळचं रॉकेट : आठ-दहा इंच लांबीची, जेमतेम दोन इंच व्यासाची लोखंडी नळी. तिच्यात दारू ठासलेली, आणि ती चार-पाच फुटी बांबूला घट्ट बांधलेली. जेम्स फोर्ब्स या इंग्रजाने मराठ्यांच्या बाणांचं वर्णन असंच लिहून ठेवलं आहे. वात पेटते, फूत्कार होतो आणि नळी वेडीवाकडी झेपावते. बांबू तिला थोडंफार सरळ धरतो. नळी लोखंडाची असल्याने आतला दाब सोसते. दाब टिकला तर वायू जोरात सुटतो, आणि बाण दूर जातो.

आता तुमचा प्रश्न विचारा. एक किलो दारू एक किलो वजनाइतका रेटा किती सेकंद देऊ शकेल? साध्या काळ्या दारूचं उत्तर साधारण ८० सेकंद. या आकड्याला विशिष्ट आवेग म्हणतात. रॉकेट इंजिनाचं अ‍ॅव्हरेज ते हेच. ८० ला ९.८ ने गुणा, म्हणजे वायू मागे किती वेगाने सुटतो ते कळतं : सेकंदाला सुमारे ७८० मीटर.

शत्रूचे घोडे बुजवायला एवढा वेग पुरतो, पृथ्वीभोवती फिरायला पुरत नाही. कक्षेत पोहोचायचं तर वाटेतला तोटा धरून सेकंदाला साधारण ९.४ किलोमीटर वेग कमवावा लागतो. कॉन्स्टँटिन त्सिओल्कोव्हस्की या रशियन शिक्षकाने १९०३ साली प्रसिद्ध केलेल्या समीकरणात हे आकडे घाला. नळीचं आणि टाकीचं वजन शून्य धरलं तरी, एक किलो वस्तू कक्षेत न्यायला या दारूचा दीड लाख किलोहून जड बाण लागेल. विशिष्ट आवेग २९३ सेकंद असेल तर २६ किलोत भागतं. ४४२ सेकंद असेल तर ९ किलोंच्या आत. सेकंद जेमतेम साडेपाच पट वाढले आणि दीड लाखाचे नऊ झाले. रॉकेटशास्त्रातली पुढची सगळी धडपड या सेकंदांसाठी आहे.

साल १९७१. तुम्ही पुन्हा आळेफाट्याच्याच जुन्नर तालुक्यात आहात, नारायणगावाजवळच्या आर्वीत. शेतांच्या मधोमध एक अवाढव्य पांढरी तबकडी आकाशाकडे तोंड करून उभी आहे. देशाचं परदेशांशी उपग्रहामार्फत होणारं बोलणं इथून सुरू झालं. या केंद्राला पुढे भारतीय अवकाश कार्यक्रमाचे प्रणेते विक्रम साराभाई यांचं नाव मिळालं. तबकडी ज्या उपग्रहाशी बोलते तो हिंदी महासागरावर, सुमारे ३६ हजार किलोमीटर उंचीवर आहे. तो अमेरिकी रॉकेटने चढवलेला. आपलं रॉकेट कधी, याचं उत्तर शोधायला तुम्हाला केरळात थुंब्याच्या रॉकेट केंद्रावर जावं लागतं.

तिथे तुम्हाला पुण्याचा माणूस भेटतो. वसंत गोवारीकर साराभाईंच्या बोलावण्यावरून १९६७ मध्ये इंग्लंडहून इथे आले, आणि घन इंधन हा त्यांचा ध्यास झाला. अमोनियम परक्लोरेट, अ‍ॅल्युमिनियमची भुकटी आणि रबरासारखा बांधून ठेवणारा पॉलिमर यांचा लगदा नळीत ओततात आणि तो आत घट्ट होतो. मध्यभागी पोकळी ठेवलेली असते. तिचा आकार ठरवतो की एका क्षणी किती पृष्ठभाग जळेल, आणि म्हणून किती रेटा मिळेल. एकदा पेटवलं की विझवता येत नाही. त्यामुळे सगळी अक्कल ओतण्याआधी लागते.

चाचणीच्या वेळी मोटर उडू देत नाहीत, पक्की जखडून ठेवतात आणि तिचा रेटा काट्यावर घेतात. कागदावर रेटा आणि वेळ यांची वक्ररेषा उमटते. त्या रेषेखालचं क्षेत्रफळ म्हणजे एकूण आवेग. त्याला जळालेल्या इंधनाच्या वजनाने भागलं की तुमचा आकडा हातात येतो. याच विद्येतून पीएसएलव्ही रॉकेटचा पहिला टप्पा उभा राहिला : २.८ मीटर व्यास, सुमारे १३९ टन घन इंधन. त्याचा आकडा जमिनीवर सुमारे २३७ सेकंद, निर्वातात सुमारे २६९. इंधन तेच, इंजिन तेच, पण जमिनीवर बाहेरची हवा नॉझलच्या तोंडावर उलट दाब देते आणि सेकंद खाते. नॉझलची ती विचित्र घडण, आधी अरुंद आणि मग फुलत जाणारी, आतल्या उष्णतेचं वेगात रूपांतर करण्यासाठीच असते. अरुंद गळ्यात वायू ध्वनीचा वेग गाठतो आणि पुढच्या फुगीर भागात त्यालाही मागे टाकतो.

१९ ऑक्टोबर २०१६, रात्रीचे साडेआठ वाजत आले आहेत. तुम्ही नारायणगावाजवळच्या खोडदला, जीएमआरटी या महाकाय रेडिओ दुर्बिणीच्या नियंत्रण कक्षात आहात. बाहेर प्रत्येकी ४५ मीटर व्यासाच्या तबकड्या. अशा तीस तबकड्या खगोलशास्त्रज्ञ गोविंद स्वरूप यांच्या स्वप्नातून या भागात उभ्या राहिल्या. आज त्यांचे कान मंगळाकडे लागले आहेत. युरोपचं स्कियापारेल्ली यान तिथे उतरतं आहे आणि त्याचा क्षीण रेडिओ सिग्नल सुमारे दहा मिनिटांचा प्रवास करून जुन्नरच्या मातीवर पोहोचतो आहे.

पडद्यावर एक बारीक रेषा सरकते आहे. यानाचा वेग बदलला की सिग्नलची वारंवारिता बदलते. हा डॉप्लर परिणाम. यान सुमारे ४०१ मेगाहर्ट्झवर बोलतं. आपल्या दिशेतला त्याचा वेग सेकंदाला एक मीटरने बदलला, तर वारंवारिता सव्वा हर्ट्झहून किंचित जास्त सरकते. इंजिनाने किती वेग दिला किंवा घेतला, हे कोट्यवधी किलोमीटरवरून मोजण्याची ही रीत आहे.

यानाला नऊ लहान इंजिनं आहेत, प्रत्येकी ४०० न्यूटन रेट्याची. त्यांत हायड्रेझिन उत्प्रेरकावरून जातं आणि फुटून गरम वायू होतो. ती सुमारे ३० सेकंद चालायला हवीत. ती तीन सेकंदांतच बंद होतात. यान जमिनीवर पोहोचलं आहे असा यानातल्या संगणकाचा समज झाला. प्रत्यक्षात ते ३.७ किलोमीटर उंचीवर होतं. ते तासाला ५४० किलोमीटर वेगाने मंगळावर आदळलं. अपेक्षित वेळेच्या आधीच पडद्यावरची रेषा थांबते. इंजिनाच्या आकड्यात काही खोट नव्हती. प्रत्येक किलोमागे किती मिळेल ते इंजिन ठरवतं. ते कधी आणि किती वेळ खर्च करायचं, हे मात्र त्याला सांगावं लागतं.

१४ जुलै २०२३, दुपार, श्रीहरिकोटा. चांद्रयान-३ घेऊन एलव्हीएम-३ उठतं. तुमच्या प्रश्नाची तीन उत्तरं एकाच रॉकेटात आहेत. बाजूच्या दोन एस-२०० बूस्टरांत घन इंधन, सुमारे २७४ सेकंद. त्यांची कवचं घडवण्यात इंदापूर तालुक्यातल्या वालचंदनगरचा हात. मधल्या टप्प्यात दोन विकास इंजिनं, सुमारे २९३ सेकंद. ही इंजिनं मुंबईत विक्रोळीच्या गोदरेजमध्ये बनतात. वरच्या टप्प्यात सीई-२०, द्रवरूप हायड्रोजन आणि ऑक्सिजनवर चालणारं, ४४२ सेकंद. हायड्रोजनचे रेणू सगळ्यांत हलके, म्हणून तेवढ्याच उष्णतेत ते सगळ्यांत जोरात पळतात.

मग तळालाही सीई-२० का नाही? कारण त्याचा रेटा २० टनांच्या आसपास, आणि रॉकेटचं वजन सहाशे टनांहून जास्त. जमीन सोडायला दांडगा रेटा लागतो, तो बूस्टर देतात. एकदा वेग आला, हवा विरळ झाली, की सेकंद मोलाचे ठरतात. म्हणून सगळ्यांत काटकसरी इंजिन सगळ्यांत वर.

आणि २३ ऑगस्ट २०२३, संध्याकाळ. तुम्ही आळेफाट्यावर आहात आणि हातातल्या फोनवर विक्रम लँडर उतरतो आहे. आर्वीच्या केंद्राला ज्यांचं नाव, त्यांचंच याला. सुमारे ३० किलोमीटर उंचीवर त्याचा वेग सेकंदाला १.६८ किलोमीटर. ८०० न्यूटनची चार इंजिनं रेटा कमी-जास्त करत, साधारण १९ मिनिटांत तो वेग शून्याजवळ आणतात. सहा वाजून चार मिनिटांनी पाय टेकतात. खोडदच्या पडद्यावर जे अपुरं राहिलं ते इथे साधलं : चांगलं इंजिन, आणि त्याला योग्य क्षणी थांबवणारं गणित.

पुढचं उड्डाण बघाल तेव्हा ज्वाळेच्या उंचीवरून इंजिन जोखू नका. टप्प्याचा विशिष्ट आवेग शोधा, ९.८ ने गुणा आणि त्सिओल्कोव्हस्कीचं समीकरण वहीत मांडा. अकरावीच्या गणिताला ते झेपतं. नारायणगावच्या, ओतूरच्या, मंचरच्या कॉलेजात बसलेल्या मुलामुलींनी हे मांडायलाच हवं. पुढच्या इंजिनाचे आणखी चार सेकंद त्यांच्यापैकीच कुणीतरी मिळवायचे आहेत.